काती औतिनेन यांचे चार रविवार

नाशिकच्या गंगापूर रोडवरच्या एका लहानशा सभागृहात एका चित्रपट मंडळाने काती औतिनेन या फिनिश अभिनेत्रीचे चार चित्रपट लागोपाठ चार रविवारी दाखवले. चारही खेळांची मिळून ४०० रुपये वर्गणी होती आणि ती दुसऱ्याच रविवारी वसूल झाली.

चारही चित्रपट फिनिश दिग्दर्शक आकी कौरिस्माकी यांचे होते. सुरुवात ‘शॅडोज इन पॅरडाइज’ने (१९८६) झाली. त्यात औतिनेन दुकानातल्या गल्ल्यावर बसणारी इलोना साकारतात; चित्रपट गोड आहे, पण खरा ऐवज पुढेच होता. ‘द मॅच फॅक्टरी गर्ल’ (१९९०) जेमतेम सत्तर मिनिटांचा आणि संवाद मोजकेच. नाचघरात बाकावर बसलेल्या मुलींना एकेक करून बोलावणे येते आणि आगपेट्यांच्या कारखान्यात राबणारी इरिस तेवढी बसून राहते. राज्य नाट्य स्पर्धेत कालिदास कलामंदिरात उभे राहिलेल्या आमच्यासारख्यांना भाव शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायची सवय जडलेली असते; औतिनेन मात्र भाव आतच ठेवतात आणि तो शोधण्याचे काम प्रेक्षकावर सोपवतात.

‘ड्रिफ्टिंग क्लाउड्स’मध्ये (१९९६) नोकरी गमावलेली उपाहारगृहातली मुख्य वेट्रेस एका लहान मुलाच्या छायाचित्रासमोर उभी राहते. ते छायाचित्र मात्ती पेलोनपा यांच्या बालपणीचे आहे. पहिल्या चित्रपटातले औतिनेन यांचे हे सहकलाकार १९९५ मध्ये वारले. आधीचा चित्रपट पाहिलेला असल्यामुळे त्या क्षणी सभागृहात चुळबुळसुद्धा झाली नाही, आणि याचे श्रेय क्रम ठरवणाऱ्यांना द्यायलाच हवे.

तक्रारी दोन आहेत. उपशीर्षकांची खालची ओळ पडद्याबाहेर जात होती आणि सांगूनही ती तिसऱ्या आठवड्यापर्यंत सुधारली नाही. दुसरी तक्रार मला अधिक बोचली: वाटलेल्या टिपणात औतिनेन यांची ओळख केवळ ‘कौरिस्माकींची नायिका’ एवढीच होती. हेलसिंकीच्या नाट्य अकादमीत घडलेल्या आणि पुढे तिथेच अभिनयाच्या प्राध्यापक झालेल्या नटीबद्दल, तेही नाटकवेड्या नाशिकमध्ये, रंगभूमीचा एक शब्दही नसावा हे पटत नाही.

समारोपाच्या ‘द मॅन विदाउट अ पास्ट’साठी औतिनेन यांना २००२ मध्ये कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. दिवसभर साल्व्हेशन आर्मी या ख्रिस्ती सेवाभावी संस्थेचा गणवेश घालून सूप वाढणारी इर्मा रात्री अंथरुणात पडून रॉक अँड रोल ऐकते, हे दृश्य मी पुन्हा केवळ त्यासाठी पैसे मोजून पाहीन.

मालिका पुन्हा होणार असल्याचे कळते. जाणाऱ्यांनी चौथ्या रांगेच्या पुढेच जागा धरावी. मागून ओठांची हालचाल दिसते, डोळ्यांची नाही.