ऑल ऑफ अस आर डेड: सीझन 2 ची वाट बघतेय, तोवर पहिल्याबद्दल सगळं सांगून टाकते

28 जानेवारी 2022 ला नेटफ्लिक्सवर एकदम 12 एपिसोड आले, जूनमध्ये सीझन 2 ची घोषणा पण झाली आणि मग जी शांतता पसरली ती पार जुलै 2025 मध्ये शूटिंग सुरू झाल्याची बातमी येईपर्यंत. शाळेतल्या पोरांवरची कोरियन सिरीज आहे ही, तीन वर्षांत ते कलाकार शाळकरी दिसायचेच बंद होतात ना! म्हणून नव्या सीझनमध्ये सिरीजची नायिका ओन-जो सोलमध्ये कॉलेजला गेलेली दाखवणार आहेत हे वाचून जरा हायसं वाटलं, निदान ओढूनताणून युनिफॉर्म तरी घालायला लावणार नाहीत.

ज्यांनी बघितली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. ह्योसान नावाचं काल्पनिक शहर, तिथलं ह्योसान हायस्कूल. सायन्सच्या लॅबमध्ये एका मुलीला हॅमस्टर चावतो आणि काही तासांत अख्खी शाळा झोंबी. एका वर्गातली मूठभर पोरं वाचतात आणि त्यांना कसंही करून बाहेर पडायचंय, बस्स एवढीच स्टोरी. जू डोंग-गून यांच्या वेबटूनवरून (म्हणजे ऑनलाइन कॉमिकवरून) घेतलीय आणि मेन डिरेक्टर ली जे-क्यू. पहिल्या 28 दिवसांत जगभरात 56 कोटी तासांपेक्षा जास्त बघितली गेली, त्यामुळे कोणाला माहीतच नाही अशातला भाग नाही. तरी आजही लोक "झोंबीवाली ना, बघू कधीतरी" म्हणून बाजूला टाकतात आणि तिथेच माझा जीव तुटतो.

(पुढे स्पॉयलर आहेत भरपूर. बघायची असेल तर इथेच थांबा, बघून या आणि मग वाचा.)

सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न म्हणजे "स्क्विड गेमसारखी आहे का?" नाही. दोन्ही कोरियन, दोन्हीत माणसं पटापट मरतात, ली यू-मी ही अभिनेत्री दोन्हीत आहे, पण साम्य तिथेच संपतं. स्क्विड गेममधले ते 456 जण कर्जात बुडालेली मोठी माणसं आहेत, पैशांसाठी जीवघेणे खेळ खेळायला सही करून आत जातात, मतदान करून एकदा बाहेर पण पडतात आणि त्यातले बहुतेक परत येतात. इथल्या पोरांनी कसलीच सही केलेली नाही. ती सकाळी दप्तर घेऊन शाळेत आलीत, सरांनी रोजच्यासारखे मोबाइल गोळा करून घेतलेत आणि दुपारपर्यंत सगळं संपलंय. हा मोबाइलचा मुद्दा लिहिताना किती विचार केलाय बघा, एका फटक्यात सगळी पोरं जगापासून तुटतात आणि ती पण शाळेच्याच नियमामुळे.

माझ्यासाठी ही सिरीज झोंबीची नाहीच आहे, मोठ्या माणसांनी वाऱ्यावर सोडलेल्या पोरांची आहे. व्हायरस कुठून आला ते आठवा. सायन्सच्या ब्योंग-चान सरांच्या मुलाला शाळेत रोज मारहाण होते, मुख्याध्यापकांना शाळेच्या नावाची काळजी म्हणून प्रकरण दाबलं जातं, पोलीस काही करत नाहीत, मग हा बाप स्वतःच लॅबमध्ये असं काहीतरी बनवायला जातो की पोराच्या भीतीचा राग होईल आणि तो उलटून मारेल. किम ब्योंग-चुल यांनी हा बाप काय केलाय! ना त्याची धड कीव करता येते ना त्याला माफ करता येतं. म्हणजे पहिला माणूस चावला जायच्या खूप आधीपासूनच शाळा आजारी होती, हे पहिल्याच एपिसोडमध्ये स्पष्ट आहे, आपण झोंबीच्या नादात ते विसरतो एवढंच.

आणि मग ते हेलिकॉप्टर. पोरं कशीबशी गच्चीवर पोचतात, वाटतं आता सुटले, मिलिटरीचं हेलिकॉप्टर येतं पण, आणि वरून ऑर्डर येते की सोडून द्या, कारण वरवर ठीक दिसणाऱ्यांच्या अंगात पण व्हायरस असू शकतो हे तोवर कळलेलं असतं. हेलिकॉप्टर वळून निघून जातं आणि कॅमेरा पोरांच्या चेहऱ्यांवर राहतो. मला तिथे सेवोल आठवल्याशिवाय राहिलं नाही. 16 एप्रिल 2014 ला सेवोल फेरी बुडाली, 304 माणसं गेली, त्यातली 250 एकाच शाळेची, दानवॉन हायस्कूलची पोरं होती, सहलीला निघालेली. जागेवरून हलू नका अशा सूचना त्यांना मिळत राहिल्या आणि त्या मानून पोरं आत बसून राहिली. कोरियातल्या प्रेक्षकाला वेगळं सांगायची गरजच नाही, शाळेच्या युनिफॉर्ममधली पोरं "कोणीतरी येईल" म्हणून वाट बघताना दिसली की त्यांना काय आठवत असेल ते आपण फक्त अंदाज करू शकतो. सेवोलबद्दल थोडं वाचून मग ही सिरीज परत बघा, सगळे सीन वेगळे दिसतात.

शाळेच्या ब्रॉडकास्टिंग रूममध्ये अडकलेले असताना पोरं कॅमेऱ्यावर घरच्यांसाठी निरोप रेकॉर्ड करतात तो सीन मी अजून सलग बघू शकत नाही, मधे पॉज करतेच. कोणी भाषण वगैरे देत नाही, घाबरलेली पोरं आईबाबांशी जसं बोलतील तसंच बोलतात.

त्याच रूममधल्या बारीकसारीक गोष्टी तर फारच आवडल्या. बाकीच्या झोंबी सिनेमांत कोणाला कधी बाथरूमला जायला लागत नाही, इथे चक्क एका कोपऱ्यात आडोसा करून सोय करावी लागते आणि ती लाज, ते हसू, पोरांनी तिकडे पाठ करून उभं राहणं सगळं दाखवलंय. झोंबी आवाजाकडे धावतात हे कळल्यावर शाळेच्या स्पीकरवर गाणं लावून त्यांना दुसरीकडे पळवायचं, ड्रोन उडवून पलीकडे काय चाललंय ते बघायचं, जिममधल्या बॉल ठेवायच्या जाळीच्या गाड्या ढाल म्हणून पुढे ढकलत सुटायचं. एकाही पोराला अचानक बंदूक चालवता येत नाही. शाळेत जे सापडतं तेच हत्यार, हा नियम सिरीजने शेवटपर्यंत पाळलाय. एक हा-री आहे तिरंदाजीवाली, पण ती मुळात शाळेच्या टीममधली खेळाडू आहे म्हणून तेही पटतं.

आता ना-योन, वाचलेल्या पोरांमधलीच एक. हिच्यावर मी एक वेगळी पोस्ट लिहू शकते. ग्योंग-सू गरीब, सरकारी मदतीवर जगणाऱ्या घरातला, आणि ना-योनला तो वर्गात असणंच सहन होत नाही. त्याच्या हातावर नुसता ओरखडा आहे, चावलेलं नाहीये, पण ती हटूनच बसते. मग त्याला वेगळं ठेवतात, बघूया काय होतं म्हणून, आणि काहीच होत नाही. तेव्हा ती माफी मागायच्या निमित्ताने जवळ जाते आणि रक्त लागलेल्या रुमालाने त्याची जखम पुसते. किती हळुवार पुसते! पूर्ण सिरीजमध्ये एवढं रक्त सांडलं पण माझ्या अंगावर काटा आला तो त्या रुमालामुळे. झोंबीला तरी कळत नसतं तो काय करतोय, हिला सगळं कळत होतं. ली यू-मीने तो चेहरा असा ठेवलाय की तिचा राग पण येतो आणि ही किती घाबरलीय ते पण दिसतं. ती बाहेर निघून जाते तेव्हा तिच्यामागे जाते ती वर्गाची मॅडम, जिने शेवटपर्यंत कुठल्याच पोराला सोडलं नाही, आणि मॅडम परत येत नाहीत. पुढे ना-योन खाण्याच्या वस्तूंजवळ एकटी लपून राहते, शेवटी बॅगेत खायचं भरून बाकीच्यांकडे निघते आणि नेमका शाळेतला गुंड ग्वी-नाम तिच्यासमोर येतो. सुधारायची संधी हातात आलेली असताना मारलं तिला, मला तेव्हा लेखकाचा प्रचंड राग आला होता. आता वाटतं बरोबर केलं, कारण ग्योंग-सूला तरी कुठे संधी मिळाली होती?

ग्वी-नाम म्हणजे यू इन-सूने असा व्हिलन उभा केलाय की तो फ्रेममध्ये नसला तरी आपण दारं बघत बसतो. लायब्ररीतली फाइट तर बघाच, ओन-जोचा लहानपणापासूनचा मित्र चोंग-सान आणि तो पुस्तकांच्या उंच कपाटांवरून पळतायत, खाली हात वर करून झोंबी उभे आहेत, कपाटं हलतायत. पहिल्या एपिसोडमधला कॅन्टीनचा हल्ला आणि हा लायब्ररीचा सीन, दोन्ही शक्य तेवढ्या मोठ्या स्क्रीनवर बघा, मोबाइलवर वाया घालवू नका. आणि प्लीज मूळ कोरियन आवाजात सबटायटल लावून बघा, मी-जिनच्या शिव्यांचा सूर डबमध्ये पार मरतो. बारावीच्या टेन्शनने पेटलेली कुठलीही पोरगी आठवेल तिला बघून, जग बुडतंय आणि हिला एवढा अभ्यास केला तो फुकट गेला याचा संताप.

घरच्यांचे ट्रॅक पण जबरदस्त. ओन-जोचे बाबा फायर ब्रिगेडमध्ये, ते पोरीसाठी सगळं पार करून शाळेपर्यंत येतात आणि तिच्या डोळ्यांदेखत जातात. चोंग-सानची आई चिकनचं दुकान चालवते, ती पोराला शोधायला एकटी शाळेत आलेली असते आणि त्याला ती सापडते तेव्हा ती आई राहिलेली नसते. सरकार, मिलिटरी, नेते कोणी आलं नाही, आले ते आईबाप, आणि तेही पोरांना वाचवून नेऊ शकले नाहीत.

आता जे खटकलं ते पण सांगायला हवं. बारा एपिसोड जास्तच झाले. मधल्या भागात पोरं या खोलीतून त्या खोलीत, तिथून गच्चीवर, परत खाली, असं चालूच राहतं आणि डिटेक्टिव्हचा ट्रॅक ब्योंग-चान सरांच्या लॅपटॉपपर्यंत पोचायला अवाजवी वेळ घेतो. नेत्या बाईंचे सीन कमी केले असते तर काही बिघडलं नसतं. आणि पहिल्या एपिसोडमध्ये उन-जी या मुलीचे कपडे काढायला लावून व्हिडिओ काढतात तो सीन ज्या पद्धतीने शूट केलाय ते मला अजिबात पटलं नाही. छळ किती भयानक असतो ते दाखवायचंच होतं तर तिच्या बाजूने दाखवता आलं असतं, कॅमेरा छळणाऱ्यांच्या बाजूला कशाला उभा केला? याच सिरीजने पुढे ग्योंग-सूच्या बाबतीत किती समजूतदारपणा दाखवलाय, म्हणून तर जास्त टोचतं. कोणाला हा विषय जड जाणार असेल तर आधीच सांगून ठेवते, सांभाळून बघा.

पाचपैकी चार. एक मार्क त्या सीनसाठी आणि मधल्या रेंगाळण्यासाठी कापला.

आता सीझन 2. पार्क जी-हू, युन चान-योंग, चो यी-ह्युन आणि लोमोन परत येतायत हे अधिकृतपणे सांगितलंय, आणि यातलं युन चान-योंगचं नाव वाचून मी जोरात ओरडले कारण तो म्हणजे चोंग-सान! ग्वी-नामला घेऊन बांधकाम चालू असलेल्या इमारतीत अडकलेला, वरून बॉम्ब पडलेला, पण बॉडी आपल्याला दाखवलेलीच नव्हती. तो परत हवाच आहे मला, फक्त फ्लॅशबॅकपुरता आणला तर फसवल्यासारखं वाटेल आणि जिवंत आणला तर कसा वाचला ते नीट पटवून द्यायला लागेल. जाता जाता स्वतःची नावाची पट्टी ओन-जोच्या हातात देऊन गेलेला मुलगा आहे तो, त्या निरोपाची किंमत कमी होता कामा नये. स्क्विड गेम 2 मध्ये नाम-ग्यू केलेला रो जे-वॉन पण नवीन कलाकारांत आहे, त्या माणसाच्या डोळ्यांत सतत काहीतरी शिजत असतं, त्याला चांगला रोल मिळो.

माझी खरी भीती सोलबद्दल आहे. शहर मोठं, बजेट मोठं, की मग पूल कोसळणार, मेट्रोत झोंबी, रणगाडे, आणि ती एका खोलीत कोंडलेली आठ-दहा पोरं हरवणार. पहिल्या सीझनची ताकद बंद दारात होती. ओन-जो आता मोठ्यांच्या जगात आलीय, म्हणजे ज्यांनी ड्रोनने आवाज करून झोंबी गोळा केले आणि आख्ख्या ह्योसानवर बॉम्ब टाकले त्यांच्याच जगात. ती ऑर्डर देणाऱ्या कमांडरने नंतर स्वतःला गोळी मारून घेतली, पण बाकीच्यांचं काय? कोणी जबाबदारी घेतली? वाचलेल्या पोरांना क्वारंटाइन कॅम्पमध्ये ठेवलं, प्रश्न विचारले, त्यांना उत्तरं कोणी दिली? हे सगळं मला सीझन 2 मध्ये हवंय, झोंबीइतकंच.

आणि नाम-रा, चावा बसूनही पूर्ण झोंबी न झालेली वर्गातली मुलगी! शेवटच्या एपिसोडमध्ये रात्री गच्चीवर शेकोटी पेटलेली दिसते, मित्र लपूनछपून शाळेत जातात, ती भेटते, माझ्यासारखे अजून आहेत म्हणते आणि गच्चीवरून उडी मारून निघून जाते. ना धड माणसांत ना झोंबींत. तिच्यावर जीव असलेल्या सू-ह्योकचा चेहरा आठवतोय ना तेव्हाचा? चो यी-ह्युनने भूक आवरून धरणारी ती मुलगी इतकी शांत केलीय की पुढच्या सीझनची सगळ्यात मोठी गोष्ट तिचीच असायला पाहिजे असं मला वाटतं, ओन-जोची नाही.

परत बघायला वेळ नसेल तर पहिला एपिसोड, ब्रॉडकास्टिंग रूमचे एपिसोड, हेलिकॉप्टरवाला आणि शेवटचे दोन एवढे तरी बघून ठेवा, नाहीतर नवीन सीझनमध्ये कोण कोणाचं काय लागतं ते विचारत बसाल. आणि चोंग-सान कसा वाचला असेल याबद्दल तुमचं काय म्हणणं ते खाली लिहा, तो लिफ्टच्या खड्ड्यात पडून वाचला ही थिअरी सोडून दुसरी काही असेल तर आधी.