फक्त महापौर, नावासकट यादी, की दोन्हीकडे थोडं थोडं? इटलीतल्या मोठ्या शहरात मत देण्याचे तीन मार्ग

मिलान, रोम, नापोली, तोरिनो, बोलोन्या या पाचही शहरांनी 2021च्या ऑक्टोबरात महापौर आणि सभागृह निवडलं. त्यांची पुढची पाळी 2027च्या वसंतात येते. इटालियन नागरिकत्व घेतलेल्या आपल्या मंडळींतले बरेच जण तेव्हा शहराच्या निवडणुकीत पहिल्यांदा मत देतील. कोणाला मत द्यावं हे मी सांगणार नाही. ते कोणी विचारलं की मी चहा टाकायला उठतो. पण तो भला मोठा निळा कागद हातात आल्यावर त्याचं करायचं काय, याबद्दल माझं एक मत आहे आणि ते लपवण्यात अर्थ नाही.

दोन फेऱ्या (पहिलीत कोणालाच निम्म्याहून जास्त मतं नाहीत तर पुढच्या दोघांत दुसरी), युत्या, याद्या (एकेका पक्षाचे किंवा गटाचे नगरसेवकपदाचे उमेदवार, महापौरपदाच्या एका उमेदवाराला जोडलेले) आणि त्यांची चिन्हं हे सगळं तुम्हाला ठाऊक आहे असं धरतो. मार्ग तीन आहेत. पहिला, फक्त महापौराच्या नावावर खूण करून बाहेर पडायचं. दुसरा, एका यादीच्या चिन्हावर खूण करायची आणि शेजारच्या रेघेवर त्या यादीतल्या उमेदवाराचं आडनाव लिहायचं. यात महापौराला वेगळी खूण केली नाही तरी मत त्या यादीच्या महापौराला आपोआप पोहोचतं. तिसरा, महापौर एका बाजूचा आणि यादी दुसऱ्या बाजूची. याला इकडे ‘वोतो दिसजुंतो’ म्हणतात, आणि 15,000पेक्षा जास्त वस्तीच्या शहरांतच तो चालतो.

पहिल्या मार्गाची ओढ मी समजू शकतो. पहिल्यांदा मीही तसंच केलं होतं. मुंबई-पुण्याकडून आलेल्या माणसाला थेट महापौराचं अप्रूप असतं. आपल्याकडे महापौराला नगरसेवक निवडतात आणि खरा कारभार आयुक्तांच्या टेबलावर चालतो. इथे 1993च्या कायद्यापासून लोक स्वतः महापौर निवडतात, महापौर आपलं कार्यकारी मंडळ स्वतः नेमतो, आणि बरंवाईट झालं तर शिव्या कोणाला द्यायच्या हे शेजारच्या आजीबाईंनाही माहीत असतं. शिवाय कागद असा पसरलेला असतो की एक ओळखीचं नाव सापडलं की हायसं वाटतं. 2021मध्ये रोमला महापौरपदासाठी 22 उमेदवार होते. आता प्रत्येकाच्या खाली त्याच्या याद्यांची चिन्हं धरा, म्हणजे कागदाचा आकार लक्षात येईल.

पण नुसत्या महापौरावर केलेली खूण कुठल्याच यादीला जात नाही. म्हणजे नवरदेव पसंत करायचा आणि वऱ्हाड कोण येतंय ते बघायचंच नाही. आणि या लग्नात वऱ्हाड पाच वर्षं मुक्कामाला असतं.

सभागृह म्हणजे नुसती शोभा, असं ज्यांना वाटतं त्यांनी दोन प्रसंग आठवावेत. रोममध्ये 2013ला इन्यात्सियो मारिनो लोकांनी थेट निवडलेले महापौर झाले. 2015च्या ऑक्टोबरअखेर 48 पैकी 26 नगरसेवकांनी नोटरीसमोर एकदम राजीनामे दिले आणि महापौरांची कारकीर्द तिथेच संपली. त्या 26 जणांत त्यांच्या स्वतःच्या पक्षाचे लोक होते. दुसरा प्रसंग अलीकडचा. 2025च्या सप्टेंबरात मिलानच्या सभागृहात सान सिरो स्टेडियम दोन फुटबॉल क्लबांना 19 कोटी 70 लाख युरोंना विकायचा ठराव आला. महापौर बेप्पे साला 2021मध्ये पहिल्याच फेरीत जवळपास 58 टक्के मतं घेऊन निवडून आलेले, तरी मध्यरात्र उलटून गेल्यावर ठराव 24 विरुद्ध 20 असा पास झाला. सत्ताधारी बाजूचेच काही नगरसेवक विरोधात गेले होते. त्या रात्री महापौराला किती टक्के मिळाले होते याला काही किंमत नव्हती. बाकांवर कोण बसलंय यावर सगळं ठरलं.

आणखी एक गोष्ट. महापौरासाठी दुसरी फेरी होऊ शकते, सभागृहासाठी कधीच नाही. 2021ला रोममध्ये पहिल्या फेरीत एन्रिको मिकेत्ती पुढे होते आणि दोन आठवड्यांनी रोबेर्तो ग्वाल्तिएरी साठ टक्क्यांनी जिंकले. ज्यांनी पहिल्या फेरीत दुसऱ्याच कोणाला मत दिलं होतं, त्यांना महापौराबद्दल फेरविचाराची संधी मिळाली. पण दुसऱ्या फेरीच्या कागदावर महापौराची दोनच नावं असतात आणि नगरसेवकाचं नाव लिहायला जागाच नसते. ती संधी पहिल्या रविवार-सोमवारीच संपते.

हे सगळं मला आधीपासून वाचून माहीत होतं, तरी त्याने माझी पद्धत बदलली नाही. बदलली ती एका वैतागामुळे.

इथे वॉर्ड नाही. मुंबईत 227 वॉर्ड आणि प्रत्येकाचा एक नगरसेवक. पुण्यात प्रभागात चार असले तरी ते आपल्या प्रभागाचे. गटार तुंबलं की कोणाच्या दारात जायचं हे पोराटोरांना ठाऊक असतं. इटलीतल्या मोठ्या शहरात नगरसेवक सगळ्या शहराचे असतात, मिलान-रोमला 48 आणि नापोली-तोरिनोला 40. त्यातला तुमच्या गल्लीचा कोण? सगळे, म्हणजे कोणीच नाही.

मुलांच्या शाळेसमोरची गल्ली अरुंद आहे. शाळा सुटायच्या वेळी ती अर्धा तास गाड्यांना बंद करावी एवढीच आम्हा पालकांची मागणी होती. पत्र कोणाला लिहायचं यावरच आमच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर इतकी चर्चा झाली की शाळेचं वर्ष संपत आलं. मी काही नगरसेवकांना ईमेल केले. कोण, कुठले, ते सांगत नाही आणि शहरही मुद्दाम मोघम ठेवतो. एकाकडून आभाराचं छापील उत्तर आलं, एकाने दुसऱ्याचं नाव सुचवलं, आणि त्या दुसऱ्याने पहिल्याचं. माणसं वाईट नव्हती. त्यांचं माझ्याशी काही देणंघेणं नव्हतं, एवढंच. मी त्यांच्यापैकी कोणालाही मत दिलं नव्हतं, कारण मी फक्त महापौर निवडला होता. आणि महापौरांना शाळेच्या गल्लीबद्दल लिहायचं म्हणजे जरा जास्तच होतं.

तुम्ही म्हणाल, म्युनिचीपिओ, म्हणजे शहराचे विभाग, आहेत ना! मिलानला 9, रोमला 15, त्यांचा मतदानाचा कागदही वेगळा असतो. आहेत, आणि बागा, वाचनालयं, स्थानिक सेवा यांत त्यांचा उपयोगही होतो. पण मिलानच्या एका म्युनिचीपिओत सरासरी दीड लाख माणसं राहतात. त्याला वॉर्ड म्हणणं मला जमत नाही. शिवाय पैशाचे मोठे निर्णय वरच्या सभागृहातच होतात.

पुढच्या निवडणुकीत मी दुसऱ्या मार्गाने गेलो. शनिवारच्या बाजारात प्रचाराला उभ्या असलेल्या एका उमेदवार बाईंशी बोललो. शहरातल्या रहदारीबद्दल त्यांना खरंच काही माहीत होतं, आणि यादी माझ्या महापौराच्याच बाजूची होती. चिन्हावर खूण केली, आडनाव लिहिलं. त्या निवडून आल्यावर त्याच गल्लीबद्दल त्यांना लिहिलं, आणि मी तुम्हाला मत दिलं होतं हेही लिहिलं. उत्तर आलं. उत्तर नकाराचं होतं, कारण बसचा मार्ग त्याच गल्लीतून जातो आणि तो वळवायचा तर पलीकडचा चौक बदलावा लागेल. पण हा विषय कोणत्या समितीपुढे जातो आणि तिथे पालकांना कसं बोलता येतं, तेही त्यांनी लिहिलं होतं. वॉर्ड नसलेल्या शहरात मला माझा नगरसेवक मिळाला. एका माणसाच्या अनुभवावरून नियम काढू नये हे मान्य. तुमच्या बाई कदाचित उत्तर देणारही नाहीत.

नाव लिहिण्याला जो अर्थ आहे तो गणितातही दिसतो. यादीला किती जागा मिळायच्या ते यादीच्या मतांवर ठरतं, पण त्या जागांवर कोण बसणार हे लिहून आलेल्या नावांवर. निम्म्याहून अधिक मतदार घरीच बसतात (2021ला मिलानमध्ये 48 टक्केही आले नाहीत), आणि आलेल्यांतलेही बरेच जण कोणाचंच नाव लिहीत नाहीत. त्यामुळे जे लिहितात त्यांचं वजन वाढतं. लहान यादीत काहीशे नावांनी चित्र पालटतं. यात आणखी एक गंमत आहे. महापौराने एखाद्या नगरसेवकाला कार्यकारी मंडळात घेतलं तर त्याला सभागृह सोडावं लागतं आणि त्याच यादीत पडलेल्यांमध्ये जो पहिला, तो आत येतो. म्हणजे थोडक्यात हरलेल्या तुमच्या उमेदवारालाही सहा महिन्यांत खुर्ची मिळू शकते.

त्रासही आहे, नाही म्हणत नाही. नावं कागदावर छापलेली नसतात. केंद्राच्या भिंतीवर शेकडो नावांची पत्रकं चिकटवलेली असतात, पण मागे रांग असताना ती वाचणं अवघड. मोबाइल आत नेता येत नाही, तो केंद्रावरच्या लोकांकडे ठेवावा लागतो, त्यामुळे फोनमध्ये नाव टिपून ठेवण्याचा उपयोग नाही. पेन्सिल तिथलीच, न पुसली जाणारी. नावं दोन लिहायची असतील तर एक बाई आणि एक पुरुष हवा. दोन्ही पुरुष लिहिले तर दुसरं बाद. आडनाव पाठ करून जा. स्पेलिंग थोडं चुकलं तरी कोण अभिप्रेत आहे ते स्पष्ट असेल तर मत धरलं जातं, पण एका यादीत दोघांचं आडनाव एकच असेल तर पूर्ण नाव लिहा.

आता तिसरा मार्ग. आमच्या घरात याचा खंदा समर्थक आहे, माझी बायको. तिला महापौर एकीकडचा आवडतो आणि सभागृहात त्याच्यावर नजर ठेवायला दुसरीकडची एक अभ्यासू बाई हवी असते. युक्तिवाद चांगला आहे. ज्यांना पक्षापेक्षा माणूस कळतो त्यांना हा मार्ग सगळ्यांत मोकळा वाटेल, आणि प्रचारात वाटलेल्या चिटुकल्या कार्डांवर मत कसं द्यायचं ते दाखवताना हा मार्ग कधीच दाखवत नाहीत, यावरूनही त्याची ताकद कळते. कोणत्याच उमेदवाराला तो सोयीचा नसतो.

मला अडचण वाटते ती हिशेबाची. जिंकलेल्या महापौराच्या याद्यांना साधारणपणे सभागृहात 60 टक्के जागांची हमी असते, पण पहिल्या फेरीत एकाच विरोधी उमेदवाराच्या याद्या मिळून 50 टक्क्यांच्या वर गेल्या तर ती हमी उडते. लेच्चे शहरात 2017ला तेच झालं. कार्लो साल्वेमिनी दुसऱ्या फेरीत महापौर झाले, याद्या विरोधकांच्या जिंकल्या होत्या, प्रकरण कोर्टात गेलं आणि सभागृहातलं बहुमत विरोधकांकडे गेलं. 2019च्या सुरुवातीला त्यांनी राजीनामा दिला. मिलान किंवा रोम एवढ्या शहरात तुमच्या एका मताने असं काही होणार नाही. पण महापौर हवासा वाटत असेल आणि त्याला काम करता यावं असंही वाटत असेल, तर त्याचं सभागृह कमकुवत करायला माझा हात धजत नाही. बायको म्हणते, तोच तर मुद्दा आहे. हा वाद आमच्याकडे जेवणाच्या टेबलावर अजून मिटलेला नाही. दोघंही नाव मात्र लिहितो.

म्हणून ज्याला राजकारणात रस नाही, फक्त अमुक माणूस नको एवढंच पक्कं आहे, त्याने बिनधास्त महापौरावर खूण करून यावं. त्यात कमीपणा नाही. ज्याला एखादा उमेदवार खरोखर ठाऊक आहे आणि तो नेमका पलीकडच्या यादीत आहे, त्याने तिसरा मार्ग घ्यावा. बाकी, म्हणजे तुमच्या-माझ्यासारखे ज्यांची मुलं इथल्या शाळेत जातात आणि ज्यांना कधी ना कधी कोणाला तरी पत्र लिहावं लागणार आहे, त्यांनी प्रचाराच्या दिवसांत एकदा बाजारात चक्कर मारावी, एक नाव शोधावं आणि ते रेघेवर लिहावं.

कामाच्या दोन गोष्टी राहिल्या. मतदार कार्डावर शिक्क्यांसाठी 18 चौकोन असतात. ते भरले असतील तर नवं कार्ड आधीच काढून घ्या, मतदानाच्या दिवशी त्या खिडकीवर गर्दी असते. आणि गोव्याकडच्या ज्या मंडळींकडे पोर्तुगीज पासपोर्ट, म्हणजे युरोपियन संघाचं नागरिकत्व, आहे आणि ज्यांचा रहिवास इथल्या शहरात नोंदलेला आहे, त्यांना इटालियन नागरिकत्वाशिवायही शहराच्या निवडणुकीत मत देता येतं. फक्त मतदानाच्या 40 दिवस आधी महापालिकेत अर्ज करून पुरवणी यादीत नाव घालून घ्यावं लागतं. ते नगरसेवकपदाला उभेही राहू शकतात, महापौरपदाला नाही. तेव्हा रेघेवर लिहायला इटालियन आडनावच शोधलं पाहिजे असंही नाही.