गेमच्या रिक्वेस्टी थांबवायच्या कशा: माणूस ब्लॉक करायचा, गेम ब्लॉक करायचा की सगळंच बंद?

फेसबुकवर गेमच्या रिक्वेस्टींचा वैताग आला की लोक सहसा दोनच गोष्टी करतात, एकतर रागाच्या भरात त्या माणसालाच अनफ्रेंड करून टाकतात नाहीतर फोनचा नुसता आवाज बंद करतात आणि आत घंटीवरचा लाल आकडा वाढतच राहतो. मधले चांगले रस्ते कोणी बघतच नाही, म्हणून ते सगळे शेजारी शेजारी ठेवून सांगते. घाई असेल तर माझं मत आत्ताच घ्या: फेसबुकवर गेम अजिबात खेळत नसाल तर गेम आणि ॲप नोटिफिकेशनचं मुख्य बटणच बंद करा. अधूनमधून खेळत असाल आणि त्रास एकदोन जणांकडूनच असेल तर त्यांच्या फक्त ॲप इन्व्हाइट्स, म्हणजे गेम आणि ॲपची आमंत्रणं, ब्लॉक करा, माणसाला हात लावू नका. बाकीचे उपाय ठराविक परिस्थितीतच कामाचे.

आधी एक गोष्ट समजून घ्या म्हणजे राग जरा कमी होईल. या रिक्वेस्टी गेमच्या रचनेतूनच येतात. कँडी क्रश सागा 2012 मध्ये फेसबुकवर आला, त्यात पाच लाइफ मिळतात, हरलात की एक जाते आणि परत भरायला अर्धा तास लागतो, ज्याला थांबायचं नसेल त्याने पैसे द्यायचे नाहीतर मित्रांकडे लाइफ मागायची. पुढचा एपिसोड उघडायलाही मित्रांची मदत मागता यायची. त्याआधी 2009 मध्ये आलेल्या फार्मव्हिलमध्ये शेजारी लागायचे, मित्र शेजारी झाले तर शेत वाढणार. म्हणजे मागितल्याशिवाय गेम पुढे सरकायलाच अडतो, आणि मागायच्या स्क्रीनवर नावांची यादी येते, तिथे बऱ्याच जणांना आपण नेमकं कोणाकोणाला पाठवतोय हे कळतही नाही. नगरच्या मावशींना फक्त एक लाइफ हवी असते, त्यांनी तुम्हाला त्रास द्यायचा म्हणून काहीही केलेलं नसतं.

हा त्रास किती लोकांना होता याचा एक पुरावा आपल्याकडचाच आहे. 28 ऑक्टोबर 2015 ला फेसबुकचा संस्थापक मार्क झुकेरबर्ग दिल्लीच्या आयआयटीत लोकांच्या प्रश्नांना उत्तरं द्यायला आला होता, आणि त्याच्यासाठी आधी मागवलेल्या प्रश्नांत सगळ्यात जास्त मतं मिळालेला प्रश्न होता की कँडी क्रशच्या रिक्वेस्टी बंद कशा करायच्या. त्याने सांगितलं की गेम न खेळणाऱ्यांनाही आमंत्रणं पाठवता येतील अशी जुनी सोय अजून चालू राहिली होती, ती बंद करायला प्राधान्य दिलं नव्हतं, आता देऊ. त्यामुळे आजची परिस्थिती तेव्हापेक्षा बरी आहे पण थांबवायची बटणं अजून आपल्यालाच दाबायला लागतात.

आता एकेक रस्ता. मेनूची जागा आणि नावं फेसबुक अधूनमधून बदलत असतं, त्यामुळे सेटिंग्जमध्ये वर जो सर्चचा डबा असतो त्यात ब्लॉकिंग किंवा ॲप्स अँड वेबसाइट्स टाइप केलं की थेट तिथे जाता येतं, हे सगळ्यात सोपं.

सगळी गेम नोटिफिकेशन बंद करायचं बटण ॲप्स अँड वेबसाइट्सच्या पानावर असतं. ते बंद केलं की मित्रांकडून येणाऱ्या गेम रिक्वेस्टी आणि गेम बनवणाऱ्यांकडून येणारे निरोप दोन्ही थांबतात. कोणाचं नाव निवडायला नको, कोणता गेम आहे बघायला नको, उद्या नवीन गेम निघाला तरी काळजी नाही, आणि कोणाला काही कळतही नाही. तोटा एवढाच की तुम्ही स्वतः एखादा गेम मित्रांबरोबर आळीपाळीने खेळत असाल तर तुमची पाळी आल्याचंही कळणार नाही. आईवडिलांच्या, सासूसासऱ्यांच्या फोनवर मी सगळ्यांना हेच करायला सांगते, कारण त्यांना घंटीवरचा आकडा दिसला की काहीतरी महत्त्वाचं आलंय असं वाटतं आणि ते प्रत्येक गोष्ट उघडून बघतात.

एका माणसाच्या ॲप इन्व्हाइट्स ब्लॉक करणं हा माझ्या मते सगळ्यात कमी माहीत असलेला आणि नात्यांसाठी सगळ्यात चांगला उपाय. ब्लॉकिंगच्या पानावर माणसं ब्लॉक करायचा रकाना वेगळा आणि ॲप इन्व्हाइट्स ब्लॉक करायचा रकाना वेगळा, ही दोन नावं नीट वाचा कारण घाईत चुकीच्या रकान्यात नाव टाकलं तर मावशी पूर्ण ब्लॉक होतील आणि मैत्रीही तुटेल, नंतर अनब्लॉक करून परत फ्रेंड रिक्वेस्ट पाठवायची वेळ येईल. बरोबर रकान्यात नाव टाकलं तर त्या माणसाने यापुढे कुठल्याही गेमची रिक्वेस्ट पाठवली तरी ती आपोआप बाजूला पडते. त्यांचे फोटो दिसतात, मेसेज येतात, वाढदिवसाला तुम्ही शुभेच्छा देऊ शकता, त्यांना काही नोटिफिकेशन जात नाही. फक्त हे एकेका नावाने करायला लागतं, त्यामुळे रिक्वेस्ट पाठवणारे पंचवीस जण असतील तर कंटाळा येईल, तेव्हा मग वरचं मुख्य बटणच बरं.

गेमच ब्लॉक करणं याचा फायदा वेगळा आहे. गेम ब्लॉक केला की कोणीही पाठवो, त्या गेमची रिक्वेस्ट तुमच्यापर्यंत येत नाही आणि शिवाय त्या गेमला फेसबुकमार्फत तुमची सार्वजनिक नसलेली माहितीही मिळत नाही. आधी दिलेली माहिती मात्र त्यांच्याकडे राहू शकते, ती काढायची तर गेम बनवणाऱ्या कंपनीलाच सांगायला लागतं. माहितीचा मुद्दा मला हलका वाटत नाही. 2018 मध्ये केंब्रिज ॲनालिटिकाचं प्रकरण बाहेर आलं, म्हणजे व्यक्तिमत्त्व चाचणीच्या एका ॲपमधून फेसबुकवरच्या लोकांची माहिती या राजकीय सल्लागार कंपनीकडे गेल्याचं, तेव्हा फेसबुकने भारत सरकारला सांगितलं की ते ॲप भारतात फक्त 335 जणांनी घेतलं होतं पण मित्रयादीमुळे साडेपाच लाखांहून जास्त भारतीयांच्या माहितीवर परिणाम झाला असू शकतो. मित्रांची माहिती अशी उचलायची सोय फेसबुकने 2015 पर्यंत बंद केली हे खरं, तरी अनोळखी क्विझ, भविष्य सांगणारी ॲप्स, मागच्या जन्मी तुम्ही कोण होता असली ॲप्स यांच्यासाठी नुसतं नोटिफिकेशन बंद न करता ब्लॉकच करा.

गेम ब्लॉकची अडचण अशी की एका कंपनीचे गेम अनेक असतात. कँडी क्रश सागा ब्लॉक केला तरी कँडी क्रश सोडा, कँडी क्रश जेली, फार्म हिरोज हे सगळे वेगवेगळे मोजले जातात, एक बंद केला तर दुसरा येतो. म्हणून एकच गेम छळत असेल तर हा उपाय उत्तम, गेम बदलत राहत असतील तर नाही.

माणूस आणि गेम यातलं काय ब्लॉक करायचं हे ठरत नसेल तर घंटी उघडा आणि गेल्या काही दिवसांच्या रिक्वेस्टी नुसत्या वरून खाली बघा. नाव तेच आणि गेम वेगवेगळे असतील तर माणसाच्या इन्व्हाइट्स, गेम तोच आणि नावं वेगवेगळी असतील तर गेम, दोन्ही वेगवेगळं असेल तर मुख्य बटण.

फेसबुकवरची ॲप्सची जोडणीच पूर्ण बंद करायची, म्हणजे ॲप्स, वेबसाइट्स आणि गेम्स हे सगळंच ऑफ, असाही एक पर्याय त्याच पानावर आहे. शांतता संपूर्ण मिळते पण याची किंमत मोठी आहे, कारण फेसबुकने लॉगिन करा असं बटण दाबून तुम्ही ज्या ज्या साइटवर खातं उघडलंय तिथे आत जाता येत नाही, आणि फेसबुकला जोडलेल्या गेममधली तुमची पातळीही जाऊ शकते. ज्यांनी वर्षानुवर्षं सगळीकडे तेच बटण वापरलंय त्यांनी आधी त्याच पानावरची ॲप्सची यादी बघावी, लागतील त्या ठिकाणी ईमेल किंवा फोन नंबरने लॉगिन करून घ्यावं आणि मगच बंद करावं. नुसत्या रिक्वेस्टींसाठी मी हे कोणाला सुचवणार नाही, पण फेसबुक फक्त नातेवाइकांचे फोटो बघायला वापरणाऱ्यांचं यात काहीच नुकसान नाही.

फोनच्या सेटिंगमधून नोटिफिकेशन म्यूट करणं हा खरं तर उपाय नाही, रिक्वेस्ट येतच राहते, आणि फेसबुकचं सगळंच म्यूट केलं तर बाकीच्या कामाच्या गोष्टीही राहून जातात. पण परदेशात असाल तर रात्रीपुरतं याचा खूप उपयोग होतो. पुण्यात दुपारी एक वाजता जेवणं आटोपून काकू गेम उघडतात तेव्हा न्यू जर्सीत पहाटेचे साडेतीन किंवा थंडीच्या दिवसांत अडीच वाजलेले असतात, तिथे फोनचा डू नॉट डिस्टर्ब रोज ठराविक वेळी आपोआप लागेल असा लावून ठेवा आणि शिवाय वरचं मुख्य बटणही बंद करा.

अनफॉलो करून रिक्वेस्टी थांबत नाहीत, त्याने फक्त त्या माणसाच्या पोस्ट दिसायच्या बंद होतात, म्हणजे नको ते चालू आणि हवं ते बंद. अनफ्रेंड केलं तर तुमच्या मित्रयादीतून ते जातात, फेसबुक त्यांना कळवत नाही पण माणसाला कधीतरी कळतंच, आणि मग लग्नात भेट झाली की विषय निघतो. एका गेमसाठी नातं दुखवू नये असं मला मनापासून वाटतं. ज्याला तुम्ही ओळखतच नाही अशा माणसाला खुशाल काढा.

आणि सरळ बोलणं? हे लोक टाळतात पण जवळच्या माणसाच्या बाबतीत मी हे आधी करेन, कारण ब्लॉक केल्याने फक्त तुमची सुटका होते आणि त्यांच्या गेममधून बाकी पन्नास जणांना रिक्वेस्टी जातच राहतात. सगळ्यांसमोर कमेंटमध्ये किंवा फॅमिली ग्रुपवर लिहू नका, त्यांना अपमान वाटेल. फोन करा किंवा एकट्यांना लिहा, साधंच, "मावशी, तुमच्या गेममधून मला रोज रिक्वेस्ट येते, बहुतेक यादीत माझंही नाव टिक झालंय. पुढच्या वेळी लाइफ मागाल तेव्हा तेवढं काढाल का?" भेटलात तर त्यांच्या फोनवर ती यादी उघडून दाखवा, जे खरंच खेळतात तेवढीच नावं ठेवायला शिकवा. ॲप्स अँड वेबसाइट्समध्ये त्या गेमवर टॅप केलं की त्याला काय काय दिलंय ते दिसतं, तिथे मित्रयादी दिलेली असेल तर तीही बंद करून देता येते. मुलांच्या बाबतीतही असंच, फोन हिसकावून घेण्यापेक्षा ती स्क्रीन एकत्र बघा.

फेसबुकच्या बाहेर हिशोब वेगळा आहे कारण व्हॉट्सॲप, इन्स्टाग्राम आणि टेलिग्रामवर रिक्वेस्ट गेम पाठवत नाही, माणूस लिंक पाठवतो किंवा तुम्हाला ग्रुपमध्ये ओढतो. लिंक ओळखीच्याची असेल, ल्युडोचा रूम कोड वगैरे, तर सेटिंगमध्ये काही करायला नको, नको म्हणून सांगा किंवा चॅट म्यूट करा. ग्रुपमध्ये ओढणं थांबवायला व्हॉट्सॲपच्या प्रायव्हसीत ग्रुप्स म्हणून पर्याय आहे, तिथे फक्त माझे कॉन्टॅक्ट्स निवडा, आणि कॉन्टॅक्ट्समधलेही काही नको असतील तर त्यांना वगळायची सोय आहे, मग त्यांना तुम्हाला थेट घालता येत नाही, आमंत्रण पाठवावं लागतं आणि ते तीन दिवसांत आपोआप बाद होतं. टेलिग्रामवर प्रायव्हसीमध्येच ग्रुप आणि चॅनेलचा पर्याय आहे, इन्स्टाग्रामवर ग्रुप चॅटमध्ये तुम्हाला कोण घालू शकतं ते फक्त तुम्ही फॉलो करता त्यांच्यापुरतं ठेवता येतं. या तिघांपैकी आधी टेलिग्राम आवरा, कारण अनोळखी लोक घाऊक भावात चॅनेलमध्ये घालतात आणि त्यातलं बरंच पैशांच्या खेळाचं असतं.

पैसे लावायच्या खेळांची आमंत्रणं मात्र या तुलनेत बसवूच नका. रमी, बेटिंग, रंग ओळखा आणि पैसे जिंका, माझा रेफरल कोड टाका म्हणजे दोघांना बोनस, असं काही आलं तर तिथे संकोच ठेवायचं कारण नाही. ऑगस्ट 2025 मध्ये संसदेने ऑनलाइन गेमिंगचा कायदा केला, त्यात पैसे लावून खेळायचे ऑनलाइन खेळ चालवणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक कोटीपर्यंत दंड किंवा दोन्ही, जाहिरात करणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद किंवा पन्नास लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही अशी तरतूद आहे. खेळणाऱ्याला शिक्षा ठेवलेली नाही, त्यामुळे घरात कोणी अडकलं असेल तर पोलिसांच्या भीतीने लपवून ठेवायची गरज नाही. अनोळखी नंबरवरून आलेलं असेल तर रिपोर्ट करून ब्लॉक करा, नुसतं डिलीट नको. ओळखीच्याने पाठवलं असेल तर आधी त्याला फोन करून विचारा की हे तूच पाठवलंयस का, कारण खातं हॅक झालेलं असू शकतं, आणि त्यानेच पाठवलं असेल तर त्याचे किती पैसे गेलेत हेही विचारा. कोणाची फसवणूक होऊन पैसे गेलेच असतील तर 1930 या सायबर हेल्पलाइनवर लगेच फोन करा, व्यवहाराचा नंबर, बँकेचं नाव आणि चॅटचे स्क्रीनशॉट जवळ ठेवा आणि ग्रुपमधून बाहेर पडायच्या आधी ते स्क्रीनशॉट घ्या.