देऱ्याच्या सूकमधला बझार मसाला आणि चार रविवारचा मचबूस

मी बर दुबईत राहतो. रविवारी सकाळी अब्रा, म्हणजे इथली लाकडी होडी, पकडायचा, खाडी ओलांडून देऱ्याच्या मसाला सूकमध्ये, म्हणजे मसाल्याच्या बाजारात, तासभर फिरायचं आणि पिशवीत काहीतरी घालून परतायचं, हा माझा नेम. अब्र्याचं भाडं एक दिरहम. धोपाव्याहून फेरीबोटीनं दाभोळला जात मोठा झालेल्या माणसाला खाडीपलीकडचा बाजार नवा नसतो. इथल्या लाकडी फळीवर बसलं आणि अंगाला खारं वारं लागलं की मला घरचीच आठवण होते.

त्या सूकमधल्या एका छोट्या दुकानातून मी बझार मसाला (हा इथला मिश्र मसाला) आणि काळी लिंबं घेतली आणि सलग चार रविवार कोंबडीचा मचबूस केला. त्या दोन जिनसांबद्दल लिहितो आहे.

आधी मचबूस काय ते सांगतो. कोंबडी ज्या पाण्यात शिजली त्याच पाण्यात शिजवलेला भात. मटणाचा करतात, माशाचा करतात. सौदीतला कबसा हा त्याचा सख्खा भाऊ. दोन्ही नावं 'दाबणं' या अर्थाच्या एकाच अरबी धातूवरून आली, फक्त आखातातल्या बोलीत 'क'चा 'च' झाला. बिर्याणीसारखे थर यात नाहीत, दही नाही, कांदा-खोबऱ्याचं वाटण नाही. भाताला जी काही चव यायची ती त्या पाण्यातून. पाणी फसलं की पुढे काही करता येत नाही.

मी एका बांधकाम कंपनीत स्टोअरकीपर आहे. आलेला माल वजन करून घ्यायचा, लेबल वाचायचं आणि मगच सही करायची, हे रोजचं काम. त्यामुळे मसाला घेतानाही माझं लक्ष तिकडेच जातं. सूकच्या तोंडाशी असलेल्या दुकानांत पर्यटकांसाठी गुलाबकळ्या, लोबान आणि केशराच्या डब्या मांडलेल्या असतात, आणि हाताला धरून बोलावतात. मी ज्या दुकानाबद्दल सांगतोय ते बोळात आत आहे. मालक म्हातारे इराणी, हिंदी सफाईदार बोलतात. मी त्यांना चाचा म्हणतो. पोत्यांवर अरबी नावांच्या पट्ट्या असतात. आता मला अक्षरं लागत नसली तरी नावं पाठ झाली आहेत. हेल म्हणजे वेलची, कमून म्हणजे जिरं, दारसीन म्हणजे आपली दालचिनी, नीट कान दिला की ओळखू येते. वेलचीच्या पोत्यावर ग्वाटेमाला लिहिलेलं बघून पहिल्यांदा मला नवल वाटलं होतं. केरळच्या माझ्या रूममेटला मात्र ते ठाऊक होतं, आणि ते सांगताना त्याला वाईट वाटत होतं.

चाचांनी मसाला देण्याआधी दोन प्रश्न विचारले. "कितने आदमी का खाना? मुर्गी या गोश्त?" मुर्गी म्हटल्यावर त्यांनी मिरी आणि दालचिनी हात राखून घातली. धणे सगळ्यात जास्त, मग जिरं, बडीशेप, मिरी, दालचिनी, सुकी लाल मिरची, थोडी हळद. हे सगळं माझ्यासमोर मोजलं आणि मागच्या चक्कीत दळून आणलं. पाव किलोला अठरा दिरहम दिले, काळ्या लिंबांचे वेगळे सहा. पैसे देताना चाचा म्हणाले, पूर्वी इथे तुमचाच रुपया चालायचा. खरंच चालायचा, १९६६ पर्यंत. रिझर्व्ह बँकेनं १९५९ मध्ये आखातासाठी वेगळ्या नोटासुद्धा काढल्या होत्या.

पहिला रविवार माझ्या चुकीनं गेला. काळी लिंबं, ज्यांना इथे लूमी म्हणतात, मी कधी वापरली नव्हती. साधी लिंबं मिठाच्या पाण्यात उकळून उन्हात खडखडीत वाळवतात, ती लूमी. वजनाला पिसासारखी हलकी, आतून काळीभोर. इराणात यांना 'ओमानी लिंबू' म्हणतात आणि इराकात 'बसऱ्याचं', म्हणजे ती कुठून यायची ते नावातच आहे. मी पाच लिंबं बत्त्यानं फोडून बियांसकट पातेल्यात टाकली. पाऊण तासानं पाणी कडू झालं होतं. कडूपणा त्या बियांचा आणि जास्त उकळलेल्या सालीचा. पुढच्या खेपेला चाचांनीच सांगितलं: दोन-तीनच घे, सळईनं दोन भोकं पाड आणि अख्खी सोड.

तशी सोडली तेव्हा कळलं हे काय प्रकरण आहे ते. आमच्याकडे आंबटपणा म्हणजे आमसूल. त्याची चव जिभेवर लगेच येते. लूमी आधी नाकाला कळते. आजीच्या बरणीत तळाशी राहिलेलं, वर्षानुवर्षं मुरून काळं पडलेलं लिंबाचं लोणचं आठवा. त्याचा वास, पण तिखट-गोडाशिवाय. कोंबडीच्या चरबीचा जडपणा या वासानं बरोबर कापला जातो. माझ्या मते मचबूसमधली जी चव दुसऱ्या कशानं भरून काढता येत नाही ती हीच आहे. घाईत साधं लिंबू पिळून बघितलं, आमसूल घालून बघितलं. भात चांगला झाला, मचबूस झाला नाही.

दुसऱ्या रविवारी मुद्दाम सुपरमार्केटमधलं तयार कबसा मसाल्याचं पाकीट आणलं, तुलना करायला. कंपनीचं नाव घेत नाही. मागचं लेबल वाचलं तर यादीत पहिलं नाव मिठाचं. घटक वजनाच्या उतरत्या क्रमानं लिहितात, म्हणजे त्या पाकिटात सगळ्यात जास्त काय विकलं जातंय ते उघड आहे. सांगितल्याप्रमाणे अख्खं पाकीट घातलं, वरून एक कणही मीठ घातलं नाही, तरी भात खारट. वास मात्र दहा मिनिटांत उडाला. ज्या पदार्थाची सगळी मदार पाण्यावर आहे त्यात मिठाचा लगाम आपल्याच हातात हवा. चाचांच्या मसाल्यात मीठ नाही, आणि मला त्याची ही गोष्ट सगळ्यात जास्त पटली.

तिसऱ्या आणि चौथ्या रविवारी जे केलं ते आता कायमचं ठरलं आहे. एक किलो शंभर ग्रॅमची ताजी कोंबडी, आठ तुकडे, सालीसकट. गावाकडे आपण साल काढून घेतो, इथे ती ठेवायची. भाताला लागणारी चरबी तिच्यातूनच येते. मोठ्या पातेल्यात तीन चमचे तेल, त्यात दालचिनी, चार लवंगा, सहा वेलच्या, दोन तमालपत्रं, मग तीन मोठे कांदे उभे चिरून. कांदा चांगला तांबूस होईपर्यंत थांबायचं, भाताचा रंग तिथून येतो. पाच लसूण पाकळ्या ठेचून, दोन टोमॅटो, दोन अख्ख्या हिरव्या मिरच्या. कोंबडी घालून पाच मिनिटं परतली की दीड मोठा चमचा बझार मसाला, तीन भोकं पाडलेल्या लूमी आणि पावणेदोन लिटर पाणी. उकळी आली की आच मंद करून चाळीस मिनिटं.

इथे माझ्या हाताला सगळ्यात जास्त त्रास झाला. आमचा हात मसाल्याला सैल. मालवणचा रूममेट तर दोनदा डबा घेऊन आला, "अजून थोडा मसालो घाल" म्हणून. मी घालू दिला नाही. शिजताना पाणी फिकं दिसतं, रश्श्यासारखं लाल दिसत नाही, आणि मन सांगतं की हे पुळचट होणार. चव घेऊन बघा. मिठाला किंचित पुढे लागलं पाहिजे, कारण अर्धं मीठ तांदूळ ओढून घेणार आहे.

कोंबडी अलगद काढून ट्रेमध्ये ठेवायची, वर चिमूटभर बझार, हळद आणि तूप चोळून दोनशे वीस अंशांवर पंधरा मिनिटं, साल कुरकुरीत होईपर्यंत. पातेल्यातलं पाणी गाळून मोजायचं. सहाशे ग्रॅम बासमती, अर्धा तास भिजवून पूर्ण निथळलेली, तिला नऊशे मिली पाणी. मी काट्यावर मोजतो, तुम्ही वाटीनं मोजलंत तरी चालेल: वाटीला साधारण सव्वा वाटी पाणी. गाळणीतल्या लूमी परत त्यात सोडायच्या. मोठ्या आचेवर पाणी तांदळाच्या पातळीला आलं आणि वर भोकं दिसायला लागली की झाकण घट्ट लावून अगदी मंद आचेवर अठरा मिनिटं, आणि बंद केल्यावर दहा मिनिटं हात लावायचा नाही. वर तुपात तळलेला कांदा, बेदाणे आणि बदाम. सोबत टोमॅटो, लसूण आणि मिरची शिजवून केलेली पातळ चटणी, दक्कूस. उरलेलं पाणी सूप म्हणून प्यायलं, तेही छान लागतं.

चौथ्या रविवारचा भात परातीत काढला तेव्हा आम्ही चौघं तिच्याभोवती जमिनीवर बसलो. एकाच परातीतून हातानं खायचं. कोल्हापूरचा गडी, जो पहिल्या दिवशी "रस्सा कुठाय?" म्हणत होता, तो न बोलता जेवला आणि शेवटी परातीतली लूमी उचलून भातावर पिळली. अशी पिळायची असते हे त्याला कुणी सांगितलं नव्हतं.

मसाल्यात दोन उणिवा आहेत, त्या सांगायला हव्यात. दळण फार बारीक आहे, त्यामुळे पाणी गढूळ होतं. फडक्यातून गाळलं तर भात मोकळा आणि स्वच्छ दिसतो. आणि चाचा कागदी पुडीत बांधून देतात. पुडी तशीच ठेवली होती तर तीन आठवड्यांत बडीशेपेचा वास अर्धा झाला. घरी आल्याबरोबर काचेच्या बरणीत भरा, आणि पाव किलो घेऊ नका, शंभर ग्रॅम पुष्कळ. शंभर ग्रॅमही ते आनंदानं दळून देतात. केशर मात्र मी तिथून घेतलं नाही. भाव दर खेपेला वेगळा सांगितला, आणि जिथे भाव हलतो तिथे मी सही करत नाही. मसाल्याला पाचपैकी साडेचार, लूमीला पूर्ण पाच.

पुढच्या महिन्यात मालवणचा सुट्टीवर निघालाय. त्याच्याबरोबर आईसाठी शंभर ग्रॅम बझार आणि दहा लूमी देणार आहे. व्हिडिओ कॉलवर तिला सगळं दाखवलं. तिनं लूमी बघून विचारलं, "हे सडलेलं नाही ना रे?" मग म्हणाली, आपल्याकडे ओव्हन नाही आणि कोंबडी साल काढूनच मिळते, त्याचं काय. तिला सांगितलंय की शिजवताना दोन चमचे तूप जास्त घाल, कोंबडी लोखंडी तव्यावर दोन्ही बाजूंनी खरपूस कर, आणि वाटण लावू नकोस. शेवटचं ती ऐकेल असं वाटत नाही, म्हणून त्या दिवशी फोन चालू ठेवून तिच्यासमोर बसणार आहे.