घड्याळातली फट की भरतीची वाट?

माझ्या कथेतल्या रत्नागिरीत वेळेवर कडक पहारा आहे. काळ-कचेरीने घंटा दिली तरच पुढचा तास सुरू होतो. तरीही दुसरी, बेबंद वास्तवं आत घुसतात. ती कुठून येतात, याचे दोन पर्याय माझ्यासमोर आहेत.

पहिला, घड्याळातली फट. भारतीय प्रमाणवेळ 82.5 अंश पूर्व रेखांशावरची. रत्नागिरी साधारण 73.3 वर. एका अंशाला 4 मिनिटं, म्हणजे आपला सूर्य सरासरी 37 मिनिटं मागे. त्या कोणाच्याच नसलेल्या मिनिटांत दुसरं जग शिरतं. हिशेब चोख, पण फट रोज तेवढीच. पहारेकरी एक दिवस ती बुजवणारच.

दुसरा, भरती. ती रोज साधारण 50 मिनिटं उशिरा येते. चंद्राच्या चालीपुढे कचेरीचं काय चालणार? माझे आजोबा तिथीची पाऊणपट करून भरतीची अंदाजे वेळ सांगायचे, अष्टमीला सहा, तेही बोटांच्या पेरांवर. कथेतली आजी तशीच मोजते. अमावास्येच्या उधाणाला भाट्याच्या खाडीचं पाणी पायरीला लागतं, ती वर बघते, तर टेकडीवर थिबा राजवाडा नाही! त्या वास्तवात 1885 साली ब्रह्मदेशाचा राजा थिबा पदच्युत झालाच नाही, मग तो इथे कशाला येईल? ओहोटी लागली की वाडा परत. पायरीवर मात्र ओली, अनोळखी पावलं.

मला दुसराच पर्याय हवा. भांगाला, म्हणजे अष्टमीच्या आसपासच्या कमी भरतीला, घुसखोरी मंदावते, उधाणाला बळावते. कोकणातल्या वाचकाला हे समजावावं लागत नाही. ती 37 मिनिटं मात्र टाकवत नाहीत. कचेरीतल्या एखाद्या कारकुनाच्या वहीत ठेवीन.