सार्जंट पेपर : मोनो, २००९ की २०१७?

बीटल्सचा १९६७चा अल्बम 'सार्जंट पेपर' एकदाच विकत घ्यायचा असेल, तर आधी एक घोळ मिटवू. अल्बमची मिक्सं, म्हणजे गायन-वाद्यांची जुळवणी, दोन : मोनो, म्हणजे सगळा आवाज एकत्र, आणि स्टीरिओ, म्हणजे डाव्या-उजव्या बाजूंना वाटलेला. २००९मध्ये दोन्ही निघाली, ती रीमास्टर, म्हणजे १९६७चं मिक्स तसंच ठेवून टेपवरून काळजीपूर्वक नव्यानं उतरवलेली. २०१७चा मात्र स्टीरिओ रीमिक्स. जाइल्स मार्टिन आणि सॅम ओकेल यांनी मिक्सच पुन्हा बांधलं.

त्यानं काय होतं? १९६७ साली लंडनच्या अ‍ॅबी रोड स्टुडिओत चार ट्रॅकची, म्हणजे एका टेपवर चारच वेगळे आवाज घेणारी यंत्रं होती. चारही भरले की ते एकत्र करून दुसऱ्या टेपवर उतरवायचे, तेव्हा पुढच्या वाद्यांना जागा व्हायची. दर उतरवणीत आवाज थोडा मळायचा. २०१७मध्ये त्याआधीच्या टेपा वापरल्या, म्हणून रिंगोचे ड्रम्स आणि मॅकार्टनीचा बेस कसे ठसठशीत येतात! 'विदिन यू विदाउट यू'मध्ये लंडनच्या एशियन म्युझिक सर्कल या संस्थेचे वादक दिलरुबा आणि तबला वाजवतात. तबल्याला मायक्रोफोन अगदी जवळ लावला होता. आपला कान तबल्यावर वाढलेला, त्यामुळे डग्ग्यावर तळहात दाबत काढलेला घुमारा इथे ऐकून मी गाणं दोनदा मागे नेलं.

एक गोष्ट खटकते. हा रीमिक्स जुन्यापेक्षा जोरात आणि दाबून, म्हणजे हळू-मोठ्या आवाजातला फरक कमी करून, बसवलेला आहे. आवाज वाढवला की कान लवकर थकतात.

मोनोचं तसं नाही. त्या काळी बीटल्सच्या चौघांनी जातीनं लक्ष घातलं ते मोनो मिक्समध्ये. स्टीरिओ त्यांच्या गैरहजेरीत भराभर उरकला. 'शीज लीव्हिंग होम' मोनोत जलद आणि वरच्या स्वरात आहे. जुन्या स्टीरिओत ते रेंगाळतं. २०१७च्या मिक्सनंही मोनोचाच वेग घेतला, आणि ते योग्यच झालं. २००९च्या मोनोवर लिमिटर, म्हणजे आवाजाची उंच टोकं छाटणारं साधन, लावलेला नाही, म्हणून चढउतार शाबूत आहेत.

२००९चा स्टीरिओ मी सुचवणार नाही. हेडफोनवर गायन एका कानात आणि वाद्यं दुसऱ्यात, असं बरेचदा होतं.

हेडफोनवरच ऐकत असाल तर २०१७ घ्या. घरी बरे स्पीकर असतील तर बेलाशक मोनो. २००९ची मोनो सीडी संचातच मिळायची, सुटी नाही. टर्नटेबल असेल तर २०१४ची मोनो एलपी शोधा. ती डिजिटलला हात न लावता थेट टेपवरून कापलेली आहे. आणि दोन्ही हवे असतील तर २०१७चा मोठा संच पाहा, त्यात मोनो मिक्सही दिलेलं आहे.