जिल्हा ग्राहक आयोग : तक्रार नोंदवणे सोपे, निकाल मिळणे कठीण

विदर्भातील आमच्या जिल्ह्याच्या ग्राहक तक्रार निवारण आयोगाकडे मी न उगवलेल्या सोयाबीन बियाण्याची तक्रार नेली होती. ते प्रकरण आता निकाली निघाले असल्याने या सेवेचा अनुभव, दाखल करण्यापासून निकालाची प्रत हाती येईपर्यंतचा, येथे नोंदवत आहे.

सुरुवात चांगली आहे. मालासाठी मोजलेली किंमत 5 लाखांपर्यंत असेल तर शुल्क नाही. 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्यामुळे तक्रार स्वतःच्या जिल्ह्यात करता येते, त्यामुळे कंपनीचे मुख्यालय कुठे आहे याची चिंता उरत नाही. कार्यालयातील लिपिकाने कागदांना पृष्ठक्रमांक नाहीत हे दाखवून ते तिथेच घालून घेतले. विरुद्ध पक्षाला लेखी जबाबासाठी 30 दिवस आणि फार तर आणखी 15 दिवस मिळतात. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने 2020 मध्ये ही मुदत ओलांडता येणार नाही असे ठरवून दिल्यामुळे कंपनीच्या वकिलांना ऐन शेवटच्या दिवशी का होईना, जबाब दाखल करावाच लागला. पुरावा शपथपत्रांचा टप्पाही फारसा रेंगाळला नाही.

खरी अडचण युक्तिवाद संपल्यावर सुरू झाली. कायदा सांगतो की विरुद्ध पक्षाला नोटीस मिळाल्यापासून 3 महिन्यांत, आणि मालाची प्रयोगशाळेत तपासणी लागणार असेल तर 5 महिन्यांत, तक्रार निकाली काढण्याचा प्रयत्न करावा. आमच्याकडे कापसाची उलंगवाडी, म्हणजे शेवटची वेचणी, होत असताना युक्तिवाद पूर्ण झाला आणि प्रकरण निकालासाठी ठेवण्यात आले. त्यानंतर रोजनाम्यात प्रत्येक तारखेला एकच ओळ येत राहिली : ‘निकालपत्र तयार नाही. पुढील तारीख.’ तारखेचा आकडा तेवढा बदलायचा. निकाल लागला तेव्हा पुढच्या हंगामाचे सोयाबीन मळणीयंत्रातून निघून बाजार समितीत गेले होते.

कारणे अगदीच खोटी नाहीत. अध्यक्ष आणि किमान एक सदस्य एकत्र बसल्याशिवाय आयोगाचे कामकाज चालत नाही. आमच्याकडे अध्यक्षपद काही काळ रिक्त होते आणि नंतर शेजारच्या जिल्ह्याच्या अध्यक्षांकडे अतिरिक्त कार्यभार आला. नवी प्रकरणे त्यामुळे तुंबली तर समजू शकते. परंतु ऐकून झालेल्या प्रकरणाला ना साक्षीदार लागतो ना वकील. तिथे फक्त बसून लिहायचे उरलेले असते. दिवाणी न्यायालयाने सुनावणी संपल्यावर सर्वसाधारणपणे 30 दिवसांत आणि अपवाद म्हणून 60 दिवसांत निकाल द्यावा असे दिवाणी प्रक्रिया संहितेत नमूद आहे. उच्च न्यायालयांसाठी सर्वोच्च न्यायालयाने 2001 मध्ये घालून दिलेल्या दंडकानुसार राखून ठेवलेला निकाल 3 महिन्यांत न आल्यास पक्षकाराला अर्ज करता येतो, आणि 6 महिने उलटल्यास प्रकरण दुसऱ्या पीठाकडे देण्याची मागणी करता येते. दिवाणी न्यायालयापेक्षा लवकर न्याय मिळावा म्हणूनच ही वेगळी यंत्रणा उभी राहिली, हे येथे विसरले गेलेले दिसते.

या विलंबाची किंमत शेतकऱ्याला व्याजात मोजावी लागते. पेरणी फसलेल्या वर्षी सोसायटीचे पीक कर्ज वेळेत फेडता आले नाही की डॉ. पंजाबराव देशमुख व्याज सवलत योजनेचा लाभ हातून जातो. आयोगाने आदेशात दिलेले व्याज हे नुकसान भरून काढत नाही.

विलंबाने निकालाचा दर्जाही घसरतो, असे माझे मत आहे. तक्रार अंशतः मंजूर झाली. बियाणे तक्रारीची शेतात पाहणी करणाऱ्या तालुकास्तरीय समितीचा पंचनामा ग्राह्य धरला गेला. पेरून टाकलेल्या बियाण्याचा नमुना शेतकऱ्याने जपून ठेवला नाही म्हणून तक्रार फेटाळता येत नाही, हा सर्वोच्च न्यायालयाचा 2012 चा निवाडाही नीट लावला आहे. मात्र दुबार पेरणीच्या मजुरीची मागणी आम्ही युक्तिवादात ठासून मांडली होती. निकालपत्रात ती मंजूर की नामंजूर, याचा उल्लेखच नाही. एवढ्या काळानंतर तोंडी म्हणणे कोणाच्या लक्षात राहणार? त्यासाठी 45 दिवसांत राज्य आयोगाच्या नागपूर खंडपीठाकडे अपील करावे लागते, म्हणजे पुन्हा एसटी, पुन्हा वकिलांची फी. कंपनीही आदेशाच्या निम्मी रक्कम भरून अपिलात जाऊ शकते.

तरीही गावातील कोणाचे बियाणे फसले तर मी त्याला आयोगाकडेच जायला सांगेन, कारण इतक्या कमी खर्चात दाद मागण्याची दुसरी जागा जिल्ह्यात नाही. फक्त त्याने लेखी युक्तिवाद दाखल करून प्रत्येक मागणी त्यात स्वतंत्र मुद्दा म्हणून लिहावी, आणि कंपनी तयार असेल तर मध्यस्थीला नकार देऊ नये. निकाल राखून ठेवल्यावर 2 महिने उलटले तर लवकर निकाल देण्याचा अर्ज करून त्यावर पोच घ्यावी. जिल्हा आयोगांवर प्रशासकीय नियंत्रण राज्य आयोगाचे असते, म्हणून त्या अर्जाची एक प्रत तिकडेही टपालाने पाठवावी.